शेतरस्त्याचा वाद: हायकोर्टात जाण्याआधी आणि गेल्यावर

शेजाऱ्याने बांधावर तारेचं कुंपण घातलं, जेसीबीने आडवा चर मारला किंवा वाटेवरच ऊस लावला, की गावात एक वाक्य हमखास ऐकू येतं: "आता थेट हायकोर्टात खेचतो." खेचता येतं. पण तिथे सुरुवातीलाच तीन प्रश्न समोर येतात. तहसीलदारांकडे अर्ज केला होता का? दिवाणी दावा का लावला नाही? आणि कोणत्या सरकारी अधिकाऱ्याने कोणतं कर्तव्य टाळलं म्हणून इथे आलात? याची उत्तरं नसतील तर याचिका मागे घ्यायची पाळी येते. तोवर रस्ता अडवल्याला सहा महिने उलटले असतील, तर तालुक्यातला सगळ्यात जलद उपायही हातचा गेलेला असतो. वकिलाची फी त्यापुढे किरकोळ म्हणायची.

हे मार्गदर्शन महाराष्ट्रातल्या शेतजमिनीच्या रस्त्याबद्दल आहे.

हायकोर्ट रस्ता का देत नाही

संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय रिट (न्यायालयाचा खास हुकूम) काढतं ती मुख्यतः शासन, महसूल अधिकारी, ग्रामपंचायत, महामंडळ अशा सार्वजनिक कर्तव्य अंगावर असलेल्यांविरुद्ध. शेजारच्या गटाचा मालक त्यात बसत नाही. त्याने वाट अडवली असेल तर तुमचा त्याच्याशी असलेला खासगी हक्क मोडला, आणि तो हक्क ठरवायला दिवाणी न्यायालय आहे. सर्वोच्च न्यायालयात अनुच्छेद ३२ खाली थेट जायचं तर मूलभूत हक्क मोडलेला असावा लागतो. मालमत्तेचा हक्क १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने त्या यादीतून निघाला. आज तो अनुच्छेद '३०० अ' मध्ये आहे आणि शासनाने कायद्याच्या आधाराशिवाय मालमत्ता हिरावण्यापासून संरक्षण देतो. शेजाऱ्याच्या कुंपणाला तो लागत नाही. काही याचिकांमध्ये मुक्त संचाराचं स्वातंत्र्यही मांडलेलं असतं. देशभर फिरण्याचा तो हक्क दुसऱ्याच्या हरभऱ्यातून ट्रॅक्टर नेण्याचा परवाना होत नाही.

दुसरं कारण जास्त व्यावहारिक आहे. रिट याचिका शपथपत्रांवर चालते. एका शपथपत्रात लिहिलेलं असतं, 'आजोबांपासून बैलगाडी याच बांधावरून जाते.' उत्तरात लिहिलेलं असतं, 'कधीच गेली नाही, दुष्काळात आम्ही माणुसकीने चार दिवस जाऊ दिलं.' यातलं खरं काय, हे साक्षीदार पिंजऱ्यात उभा करून, उलटतपासणी घेऊन आणि जागेवर कमिशनर पाठवूनच कळतं. हे सगळं करायला हायकोर्टाला बंदी नाही. ते सहसा करत नाही, कारण त्यासाठी खाली न्यायालयं बसवलेली आहेत.

सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. १९९२ च्या एका निकालात (४ एससीसी ६१; एससीसी म्हणजे सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांचा संग्रह, आधी खंड, मग पान) म्हटलं, की खासगी मालमत्तेचे वाद सोडवायला आणि दाव्याची जागा घ्यायला रिट नाही. वैधानिक अधिकाऱ्याने आपलं कर्तव्य मोडलं असेल तर गोष्ट वेगळी. २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून गेलेल्या घरमालक-भाडेकरू प्रकरणात (८ एससीसी ३२९) अनुच्छेद २२६ आणि २२७ (खालच्या न्यायालयांवर हायकोर्टाची देखरेख) मधला फरक तपशीलवार मांडला आणि खासगी वादांना रिटचं रूप देण्याच्या सवयीवर कान उपटले. २०१८ च्या अखेरीस केरळमधल्या एका फ्लॅटच्या ताब्याबाबत तिथल्या हायकोर्टाने रिटमध्ये दिलेला आदेश याच कारणाने रद्द झाला. २०१५ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने (५ एससीसी ४२३) ठरवलं, की दिवाणी न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध अनुच्छेद २२६ चालत नाही, फक्त २२७ ची देखरेख चालते. तुमच्या वकिलाने अजूनही दिवाणी न्यायालयाच्या मनाई हुकुमावर '२२६ व २२७' असं जोडून लिहिलं असेल, तर हा निकाल त्यांच्यापुढे ठेवायला हरकत नाही.

आधी रस्त्याची जात ओळखा

कोणत्या दारात जायचं हे रस्ता कोणत्या प्रकारचा आहे यावर ठरतं. म्हणून पहिला खर्च कागदांवर करा: गाव नकाशा, गट नकाशा, दोन्ही बाजूंच्या जमिनींचे ताजे सातबारे, जुने फेरफार, आणि उपअधीक्षक भूमि अभिलेख कार्यालयातून टिपण व फाळणीच्या (मूळ मोजणीच्या व पोटहिश्श्यांच्या नकाशांच्या) नकला. एकत्रीकरण योजना लागू झालेल्या गावांत गट नकाशावर न दिसणारी वाट जुन्या सर्व्हे नंबरच्या नकाशावर दिसू शकते. जुना नकाशा मागितल्याशिवाय 'नकाशात रस्ता नाही' हे उत्तर मान्य करू नका. विदर्भात त्या गावाचा वाजिब-उल-अर्ज काढा. जमीन महसूल संहितेच्या कलम १६५ खालच्या या नोंदीत गावातल्या वाटेच्या व पाण्याच्या रूढी लिहिलेल्या असतात आणि अनेकांना तो कागद आठवतही नाही.

गाव नकाशावर दुहेरी तुटक रेषेने दाखवलेला मार्ग म्हणजे गाडीमार्ग. त्याची रुंदी साधारण साडेसोळा ते एकवीस फूट धरतात. एकेरी तुटक रेषा म्हणजे पायमार्ग, सव्वाआठ फूट. असा नकाशावरचा रस्ता, पाणंद किंवा शिवरस्ता अडवला असेल तर तुमचं काम सोपं आहे, कारण तो खासगी वाद उरत नाही. अतिक्रमण काढणं हे महसूल यंत्रणेचं किंवा ग्रामपंचायतीचं काम ठरतं. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम ५३ सार्वजनिक रस्त्यावरच्या अडथळ्यांसाठीच आहे. लेखी अर्ज, पोच, स्मरणपत्र आणि तरीही हालचाल नाही, अशी मालिका तयार असेल तर हायकोर्टाचा परमादेश (अधिकाऱ्याला त्याचं काम करायला लावणारा हुकूम) इथे खरोखर मिळू शकतो.

नकाशावर काहीच नाही, पण वर्षानुवर्षं जाणं-येणं होतं आणि ते आता अडवलं, हा दुसरा प्रकार. जाणं-येणं कधीच नीट नव्हतं, दुसऱ्याच्या कृपेवर चाललं होतं आणि आता बांधावरून रस्ता मागायचा आहे, हा तिसरा. एकाच जमिनीचे वाटणीने किंवा विक्रीने तुकडे झाले आणि मागचा तुकडा कोंडला गेला, हा चौथा. आणि बिनशेती प्लॉटचा रस्ता हा पाचवा. त्याला खालचे तहसीलदारांकडचे दोन्ही उपाय लागू होत नाहीत. तिथे दिवाणी न्यायालयच गाठायचं.

तहसीलदारांकडचे दोन वेगळे उपाय

सर्वाधिक घोटाळा इथे होतो, म्हणून सावकाश वाचा.

जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम १४३ हे नवा रस्ता मागण्यासाठी आहे. तहसीलदार दुसऱ्याच्या सर्व्हे नंबरच्या सीमांवरून, म्हणजे बांधावरून, जाण्याचा हक्क ठरवतात आणि शेतकऱ्याला शेतात जायची वाजवी सोय हवी हे ध्यानात घेतात. शब्द 'सीमांवरून' असा आहे. गटाच्या मधोमध तिरपा रस्ता दिला तर तो आदेश पुढे टिकवणं कठीण. रस्ता शक्यतो दोन शेतांच्या सामायिक बांधावरून, दोघांच्या बाजूने सारखा, असा मागावा. कच्चा नकाशा जोडताना बांधाच्या दोन्ही टोकांना अक्षरं द्या, लांबी लिहा आणि रस्ता कोणकोणत्या गटांच्या कोणत्या दिशेच्या बांधावरून जातो हे शब्दांतही लिहा. त्या प्रत्येक गटाच्या सातबाऱ्यावरची सगळी नावं अर्जात आली पाहिजेत, वारस आणि सहहिस्सेदार धरून. एक बहीण राहिली की दोन वर्षांनी तीच आदेशाला आव्हान देते, आणि नोटीस मिळाली नव्हती हे तिचं म्हणणं खरंही असतं.

मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ चं कलम ५ हे असलेला रस्ता अडवल्यावर वापरायचं. पोटकलम (२) खाली शेतजमिनीकडे जाणारा रस्ता किंवा रूढीची वाट वापरण्यात कोणी कायदेशीर मार्गाखेरीज अडथळा आणला, किंवा तसा प्रयत्न केला, तर तहसीलदार मामलेदार न्यायालय म्हणून मनाई हुकूम देऊ शकतात. यात मालकी ठरत नाही आणि हक्कही कायमचा ठरत नाही. तीनच गोष्टी पाहिल्या जातात: वापर चालू होता का, अडथळा बेकायदा होता का, आणि दावा मुदतीत आहे का.

मुदत सहा महिन्यांची, अडथळा आला त्या दिवसापासून मोजायची. ही मुदत चुकते ती अशी: पहिला महिना गावकीत बोलणी होतात, दुसऱ्या महिन्यात पोलीस ठाण्यात अर्ज, तिसऱ्यात तंटामुक्ती समिती, चौथ्यात आमदारांचं पत्र, पाचव्यात उपोषणाचा इशारा. सातव्या महिन्यात वकील म्हणतात, कलम ५ लावू. साध्या अर्जांनी मुदत थांबत नाही. बोलणी चालू ठेवा, पण दावा दाखल करून ठेवा. समझोता झाला तर तो काढून घेता येतो.

अर्ज नव्हे, 'दावा' म्हणतोय, कारण या कायद्याखाली वादपत्र लागतं. दोन्ही पक्षांची नावं, वय, व्यवसाय, राहण्याचं ठिकाण, जमिनीचं वर्णन, वादाचं कारण घडल्याची तारीख, कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादी आणि शेवटी सत्यापन, एवढं त्यात हवं. तारखेच्या जागी 'काही दिवसांपूर्वी' असं लिहिलेलं वादपत्र स्वतःचाच पाय कापतं. त्या दिवशीचा फोनमधला फोटो, पोलीस ठाण्याची पोच, जेसीबीवाल्याचं नाव, जे असेल ते जोडा.

दोन्ही कलमं एकाच अर्जाच्या डोक्यावर लिहिण्याची पद्धत सर्रास दिसते. 'कलम १४३ व कलम ५(२) अन्वये अर्ज' असं लिहिलं की दोन परस्परविरोधी गोष्टी एकाच सहीने सांगितल्या जातात: रस्ता नाही म्हणून द्या, आणि रस्ता आहे म्हणून उघडा. तहसीलदारही मग दोन्हींच्या मधला काहीतरी आदेश देतात, आणि वरच्या कोर्टात पहिला हल्ला त्यावरच होतो. एक निवडा. वापराचा पुरावा भक्कम आणि मुदत शिल्लक असेल तर कलम ५. नसेल तर १४३.

दोन्हींचे पुढचे रस्तेही वेगळे आहेत. १४३ च्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येतं, किंवा एक वर्षाच्या आत दिवाणी दावा लावून तो आदेश रद्द करून किंवा बदलून मागता येतो. दावा लावला की मग अपील किंवा पुनरीक्षण (वरच्या अधिकाऱ्याने आदेश तपासणं) चालत नाही, हे पोटकलम (५) मध्ये स्पष्ट आहे. कलम ५ च्या आदेशावर अपील नाही, कलम २३ खाली पुनरीक्षण आहे. ते अधिकार जिल्हाधिकाऱ्यांचे, पण प्रदान केलेले असल्याने बहुधा प्रांतच वापरतात. प्रांतांनी निकाल दिल्यावर पुन्हा अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे धाव घेणं म्हणजे त्याच अधिकाराला दोनदा विचारणं. यात वर्ष जातं आणि मिळालेला आदेश अधिकारबाह्य म्हणून उडतो. कलम २२ प्रमाणे मामलेदार न्यायालयाचा हुकूम दिवाणी न्यायालय वेगळं ठरवेपर्यंत टिकतो. हायकोर्ट दावा लावायला सांगतं तेव्हा बोट याच कलमावर असतं.

तहसीलदारांचा आदेश हातात पडल्यावर काय तपासायचं

वरच्या कोर्टात लढाई या कागदावर होणार, म्हणून निकाल तुमच्या बाजूने असला तरी तो बारकाईने वाचा. सगळ्यांना नोटीस बजावल्याची नोंद रोजनाम्यात (प्रत्येक तारखेला काय झालं त्याच्या नोंदीत) आहे का? स्थळपाहणी कोणी, कोणत्या तारखेला केली, त्या वेळी दुसरी बाजू हजर होती का, पंचनाम्यावर सह्या कोणाच्या? साक्षीदारांचे जबाब घेतले असतील तर उलटतपासणीची संधी दिली का? दुसरी वाट आहे का, याची चर्चा केली आहे का? आणि अंमलबजावणीचं वाक्य नेमकं आहे का?

'पूर्वीप्रमाणे रस्ता खुला करून द्यावा' हे वाक्य वाचायला गोड आणि अंमलात आणायला अशक्य. मंडळ अधिकारी जागेवर जातात, एक जण म्हणतो पूर्वीप्रमाणे म्हणजे चार फूट, दुसरा म्हणतो बारा, आणि पंचनामा करून सगळे परत. गट क्रमांक, बांधाची दिशा, सुरुवात आणि शेवट, लांबी-रुंदी आणि कोणता अडथळा काढायचा, हे आदेशात असावं म्हणून ते आधी तुमच्या मागणीत असलं पाहिजे. अधिकारी आदेश लिहितो तो बहुतेक वेळा अर्जदाराच्याच शब्दांत.

२२ मे २०२५ च्या शासन निर्णयात शेतरस्ता शक्य तिथे तीन ते चार मीटर रुंद असावा आणि त्याची सातबाऱ्याच्या इतर हक्कांत नोंद घ्यावी असं आलं आहे. अर्जात त्याचा हवाला जरूर द्या. पण शासन निर्णय म्हणजे अधिकाऱ्यांना दिलेली सूचना. बांधाची सीमा, सहा महिन्यांची मुदत, नोटीस या कायद्यातल्या अटी त्याने पुसल्या जात नाहीत. केवळ या निर्णयावर उभा केलेला आदेश वर टिकवणं अवघड जाईल.

दिवाणी दावा: जिथे हक्क खरोखर ठरतो

दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्यासारख्या हक्कांचा भारतीय सुविधाधिकार अधिनियम १८८२ चा. मुंबई इलाख्याला तो १८९१ मध्ये लागू झाला. रस्त्याच्या दाव्यात त्यातले दोन आधार सर्वाधिक वापरले जातात.

चिरवहिवाटीचा हक्क कलम १५ खाली. वापर उघड, शांततेने, हक्क म्हणून, अखंड, वीस वर्षं, आणि ही वीस वर्षं दाव्याच्या आधीच्या दोन वर्षांच्या आत संपणारी हवीत. वाट शासनाच्या जमिनीतून असेल तर तीस वर्षं. 'हक्क म्हणून' हे दोन शब्द दावे बुडवतात. वादी साक्षीत प्रेमाने सांगतो, "त्यांचे वडील फार चांगले होते, त्यांनी कधी नाही म्हटलं नाही, विचारून जायचो." संपला दावा. परवानगीने केलेल्या वापरातून हक्क उगवत नाही, मग तो पन्नास वर्षांचा असो.

गरजेचा हक्क कलम १३ खाली. दोन्ही जमिनी एकेकाळी एकाच मालकाच्या होत्या आणि विक्रीने किंवा वाटणीने वेगळ्या झाल्या, हे दाखवावं लागतं. म्हणून जुनं खरेदीखत आणि वाटणीपत्र इथे प्राण आहे. गरज म्हणजे दुसरी वाटच नसणं. दुसरी वाट लांबची, चिखलाची किंवा चढाची असली तरी ती वाट असते. आणि पुढे नवी वाट निर्माण झाली की कलम ४१ प्रमाणे हा हक्क संपतो. गोव्यातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या एका प्रकरणात ((२००५) १ एससीसी ४७१) वाट मागणाऱ्याच्या विरुद्ध निकाल गेला तो या दोन्ही कारणांनी: वीस वर्षांचा वापर हक्क म्हणून होता हे नेमकं मांडलेलं आणि सिद्ध केलेलं नव्हतं, आणि जायला दुसरी वाट होती. ते प्रकरण दाव्यातून, पुराव्यावर वर गेलं होतं, हेही लक्षात घ्या.

वादपत्रात दोन्ही आधार पर्यायी म्हणून घेता येतात, पण प्रत्येकाची तथ्यं वेगळी लिहा. मागण्या तीन ठेवा: हक्काची घोषणा, कायमची मनाई, आणि उभारलेला अडथळा काढायचा हुकूम. सोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली तात्पुरत्या मनाईचा अर्ज, आणि आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्ज. पेरणी किंवा ऊसतोड तोंडावर असेल तर हे शपथपत्रात तारखांसह लिहा. भरून न येणारं नुकसान म्हणतात ते हेच.

वाहनाचा मुद्दा वेगळा सांगायला हवा. कलम २८ प्रमाणे एका प्रकारच्या वाटेच्या हक्कात दुसऱ्या प्रकारचा हक्क धरला जात नाही. पायवाट सिद्ध झाली म्हणून हार्वेस्टर नेता येत नाही. पूर्वी बैलगाडी आणि नंतर ट्रॅक्टर जात असेल तर तसा पुरावा द्या: ऊस कारखान्याच्या वजनपावत्या, ट्रॅक्टर भाड्याच्या नोंदी, विहिरीवर मोटार बसवल्याचं बिल. मागणी पुराव्याइतकीच ठेवा. बारा फूट मागून आठ फुटांचा पुरावा देणाऱ्याचे आठ फूटही संशयात जातात.

मारामारीची वेळ आली असेल तर कार्यकारी दंडाधिकारी आहेत. जुन्या फौजदारी संहितेचं कलम १४७ आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १६६ झालं आहे. जमिनीच्या वापराच्या हक्कावरून शांतताभंगाचा धोका असेल तर तिथे तात्पुरता आदेश होऊ शकतो. पोलिसांकडून रस्ता मोकळा करून घेण्याची आशा मात्र सोडा. पोलीस संरक्षणासाठी केलेल्या रिटमधून दिवाणी हक्क ठरवून घेता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्येच (४ एससीसी ५०१) सांगितलं आहे.

आता हायकोर्ट: काय मागितलं तर मिळतं

खालची पायरी पूर्ण झाल्यावर हायकोर्टाचं दार उपयोगाचं ठरतं, आणि काही बाबतींत त्याला पर्याय नसतो.

तहसीलदार अर्जावर महिनोन्महिने निर्णयच देत नाहीत: अनुच्छेद २२६ खाली ठरावीक मुदतीत निर्णय द्यावा एवढीच मागणी करा. अशी छोटी याचिका लवकर निघते. तिच्यात 'आणि रस्ता खुला करून द्यावा' हे जोडलं की शेजाऱ्याला उत्तर दाखल करायला वेळ द्यावा लागतो आणि ती मोठी याचिका होऊन बसते. आदेश अंतिम झाला आहे, त्यावर स्थगिती नाही, तरी अंमलबजावणी होत नाही: अंमलबजावणीचं आणि त्यासाठी लागेल तेवढ्या बंदोबस्ताचं निर्देश मागा. इथे हक्क ठरलेला असतो, म्हणून वरचा पोलीस संरक्षणाचा अडसर तितका लागत नाही.

आदेश विरुद्ध गेला आहे: पुनरीक्षणानंतर अनुच्छेद २२७. इथे कोर्ट अपिलासारखं पुरावा पुन्हा तोलत नाही. अधिकाराची मर्यादा ओलांडली का, असलेला अधिकार वापरलाच नाही का, ऐकून न घेता निर्णय दिला का, पुराव्यात मुळीच नसलेलं गृहीत धरलं का, एवढंच पाहतं. म्हणून याचिकेतली कारणं 'तहसीलदारांनी माझ्या साक्षीदारांवर विश्वास ठेवायला हवा होता' अशी नकोत. 'दावा अडथळ्यानंतर आठव्या महिन्यात दाखल झाला, मुदतीचा मुद्दा काढलाच नाही', 'स्थळपाहणीची नोटीस नाही, रोजनामा पान अमुक', 'रस्ता सीमेवरून न देता गटाच्या मध्यातून दिला' अशी हवीत. तीन ठोस कारणं सतरा भरताडांना भारी पडतात. यश आलं तरी बहुतेकदा मिळतं ते प्रकरण फेरचौकशीसाठी परत पाठवणं. त्यासाठी मनाची तयारी ठेवा, आणि वकिलांना सांगा की फेरचौकशीला मुदत घालून मागा आणि तोवर जागेवर जैसे थे ठेवायला सांगा. ही दोन वाक्यं राहिली तर प्रकरण पुन्हा तालुक्यात वर्षभर पडून राहतं आणि दरम्यान चर जागच्या जागी.

याचिकेसोबत लागतं ते असं: सर्व आदेशांच्या प्रमाणित नकला, मूळ वादपत्र आणि त्यावरची कैफियत (लेखी उत्तर), रोजनामा, पंचनामा, जबाब, नकाशे, आणि मराठी कागदांची भाषांतरं लागत असतील तर ती. शेजाऱ्याला प्रतिवादी करायलाच हवं. केवळ तहसीलदार आणि राज्य शासन यांना पक्षकार करून शेजाऱ्याविरुद्ध आदेश मागणारी याचिका चालत नाही. दिवाणी दावा प्रलंबित असेल, त्यात मनाई नाकारली गेली असेल, तर ते पहिल्या पानांतच लिहा. हे लपवलं आणि समोरच्याने दाखवलं, की पुढचं कोणी ऐकत नाही. उशीर झाला असेल तर महिनावार कारण द्या.

कोणत्या पीठाकडे जायचं हे जिल्ह्यावरून ठरतं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला फिरतं खंडपीठ सुरू झालं आहे. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिथे गेले. या भागातल्या शेतकऱ्याला आता मुंबईला मुक्काम करायची गरज नाही, पण जवळ आलं म्हणून लगेच तिकडे पळावं असंही नाही.

समझोता करायचा असेल तर

तोंडी समझोता पुढच्या पिढीत मरतो. ठरलं तर वाटेच्या हक्काचा दस्त करून तो दुय्यम निबंधकाकडे नोंदवा, मोजणीचा नकाशा जोडा, आणि फेरफाराने दोन्ही सातबाऱ्यांच्या इतर हक्कांत नोंद घ्या. पैसे द्यावे लागले तर लाजू नका. तीन गुंठ्यांची भरपाई दहा वर्षांच्या तारखांपेक्षा स्वस्त पडते, आणि हे वकीलही खासगीत मान्य करतात. वाद कोर्टात असेल तर तडजोड लोकअदालतीत मांडा. तिथला निवाडा हुकूमनाम्यासारखाच मानला जातो आणि त्यावर अपील नसतं. फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. महिला, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि ठरलेल्या मर्यादेखालचं उत्पन्न असलेले यांना वकील मोफत मिळतो.

याचिका मागे घ्यायची वेळ आली तर

न्यायमूर्तींचा कल दिसला की वकील "मागे घेतो" म्हणतात. त्या क्षणी आदेशात दोन गोष्टी उतरल्या पाहिजेत. पहिली, योग्य न्यायालयात जाण्याची मोकळीक ठेवून याचिका मागे घेतली. अशी मोकळीक न मागता मागे घेतलेल्या याचिकेनंतर त्याच कारणाने दुसरी रिट चालत नाही. दुसरी, वादाच्या गुणदोषांवर मत व्यक्त केलेलं नाही, सर्व मुद्दे खुले आहेत. हे वाक्य नसेल तर दिवाणी न्यायालयात समोरचा पक्ष 'हायकोर्टाने यांची याचिका फेटाळली' म्हणून तोच कागद नाचवतो. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे घालवलेला काळ वगळण्याची सोय मुदत अधिनियमाच्या कलम १४ मध्ये आहे, पण तिथे तत्परता आणि सद्‌हेतू सिद्ध करावा लागतो. म्हणून आदेशाची प्रत हायकोर्टाच्या साइटवर आली की त्याच आठवड्यात दावा दाखल करा, आणि वादपत्रात याचिका दाखल केल्याची व मागे घेतल्याची तारीख लिहा.